टायटनांचें कुल

मालगुंड हें रत्नागिरी तालुक्यांतील, गणपतिपुळ्याच्या शेजारचें, समुद्रकांठचें गांव. मराठी वाङ्मयाच्या इतिहासांत या गांवाची नोंद कायमची झाली ती एका टोपणनांवामुळें. १८६६ सालीं येथें जन्मलेले कृष्णाजी केशव दामले यांनीं कवितेच्या खालीं स्वतःचें नांव घातलें नाहीं. 'केशवसुत' एवढेंच लिहिलें. अर्थ सरळ आहे : केशवाचा मुलगा. ज्यानें १८९३ सालीं 'तुतारी' लिहून रूढींविरुद्ध रणशिंग फुंकलें, ज्याला पुढील पिढ्यांनीं आधुनिक मराठी कवितेचा जनक मानलें, त्यानें आपली ओळख दिली ती पुत्र म्हणून.

ग्रीकांच्या महाकाव्यांत अगदीं याच धाटणीचें नांव त्यांच्या सर्वश्रेष्ठ देवाला आहे. होमर झ्यूसला वारंवार 'क्रोनिडीस' म्हणतो. मराठींत त्याचें रूप 'क्रोनससुत' असें करावें लागेल. आणि हा क्रोनस म्हणजे तोच पिता, ज्याला झ्यूसनें दहा वर्षें लढून पदच्युत केलें आणि पाताळाच्या तळाशीं कोंडलें. बापाचें राज्य घेतलें, बापाला बंदींत टाकलें. पण बापाचें नांव टाकलें नाहीं. टायटनांच्या कथेचें मर्म या एका विशेषणांत सांपडतें. ती दोन शत्रुजातींच्या युद्धाची कथा नव्हे. ती एका घराची, त्या घरांतील तीन पिढ्यांची कथा आहे.

'टायटन' हा शब्द आज प्रचंडपणाचा वाचक झाला आहे. १९१२ सालीं बुडालेल्या महाकाय जहाजाचें 'टायटॅनिक' हें नांव त्याच अर्थानें ठेवलेलें होतें. परंतु मूळ कथेंत टायटन म्हणजे नुसते राक्षसी देहाचे पुरुष नव्हेत. ते देवांचे चुलते आहेत, आत्या आहेत, आईबाप आहेत. ज्योतिषशास्त्रज्ञांनीं हें नातें अधिक नेमकें ओळखलें. शनीचा सर्वांत मोठा चंद्र ह्यूगेन्सनें १६५५ सालीं शोधला, आणि १८४७ सालीं जॉन हर्शेल यानें सुचविलें कीं शनि म्हणजेच ग्रीकांचा क्रोनस असल्यानें त्याच्या चंद्रांना त्याच्या भावाबहिणींचीं नांवें द्यावींत. म्हणून टायटन, रिआ, टेथिस, आयापेटस हीं भावंडें आजही शनीच्या भोंवतीं फिरत आहेत.

या कुळाची वंशावळ सर्वांत आधीं नीट लावली ती हेसिअड या कवीनें. त्याचा काळ इ. स. पूर्वीं ७०० च्या सुमाराचा. ग्रीसमधील बिओशिया प्रांतांत, हेलिकॉन पर्वताच्या पायथ्याशीं ॲस्क्रा नांवाच्या खेड्यांत तो शेती करी. त्याच्या 'थिओगनी', म्हणजे देवांची उत्पत्ति, या सुमारें एक हजार ओळींच्या काव्यांत हें सारें कुलवृत्त आहे. त्याच्या दुसऱ्या काव्यावरून असें कळतें कीं वडिलांच्या मिळकतीच्या वाटणीवरून त्याचें आपल्या पर्सीस नांवाच्या भावाशीं भांडण झालेलें होतें. भाऊबंदकी म्हणजे काय हें ज्या कवीला स्वतःच्या शेतावर कळलें होतें, त्यानें देवांची भाऊबंदकी लिहिली. ती वाचतांना ही गोष्ट ध्यानांत ठेवण्याजोगी आहे.

हेसिअडच्या वृत्तांतानुसार प्रारंभीं केऑस, म्हणजे पोकळी होती. मग गाया, म्हणजे पृथ्वी झाली. तिनें स्वतःपासूनच युरेनस, म्हणजे आकाश निर्माण केलें आणि त्यालाच पति केलें. या जोडप्याला अठरा अपत्यें झालीं. त्यांत बारा टायटन : ओशेनस, सीअस, क्रायस, हायपेरिअन, आयापेटस व क्रोनस हे सहा पुत्र, आणि थिआ, रिआ, थेमिस, नेमोसिनी, फीबी व टेथिस या सहा कन्या. त्यांच्या मागून कपाळावर एकच डोळा असलेले तीन सायक्लोप्स आणि प्रत्येकीं शंभर हात असलेले तिघे भाऊ जन्मले.

युरेनसला आपल्या अपत्यांचा तिटकारा होता. एकेक मूल जन्मतांच तो त्यास पृथ्वीच्या उदरांत परत दडपून ठेवी. त्या ओझ्यानें कण्हणाऱ्या गायेनें अखेर एक कठीण धातूची कोयती घडविली आणि मुलांना विचारलें, बापाला शासन कोण करील ? सर्व मुलें गप्प राहिलीं. सर्वांत धाकटा क्रोनस तेवढा पुढें झाला. दबा धरून त्यानें बापाचें पौरुष छेदलें आणि तें समुद्रांत फेंकून दिलें. भूमीवर सांडलेल्या रक्तांतून सूडाच्या देवता उत्पन्न झाल्या आणि समुद्राच्या फेंसांतून सौंदर्याची देवता ॲफ्रोडायटी वर आली. एकाच अपराधापासून सूड आणि सौंदर्य दोन्ही जन्मलीं.

कोंकणच्या श्रोत्यांना ही कथा ऐकतांना दुसरी एक कथा आठवल्यावांचून राहणार नाहीं. ज्याचें देवालय चिपळूणजवळच्या डोंगरावर उभें आहे त्या परशुरामानें पित्याच्या आज्ञेवरून मातेचा शिरच्छेद केला. क्रोनसनें मातेच्या आज्ञेवरून पित्यावर शस्त्र उचललें. तेथें कोयती, येथें परशु. तेथें समुद्रांतून देवी वर आली. येथें समुद्र मागें हटून कोंकणची भूमि वर आली. हीं दोन चित्रें एकमेकांपासून उसनीं घेतलेलीं नाहींत, आणि त्यांतील भेदही साम्याइतकाच महत्त्वाचा आहे. परशुराम पित्याकडून वर मागतो आणि मातेस पुन्हां जिवंत करवितो. घर मोडतां मोडतां सांवरलें जातें. क्रोनसच्या घरीं असा वर देणारा कोणी नव्हता. तेथें फक्त बापाचा शाप होता कीं या कृत्याचा झाडा पुढें द्यावा लागेल.

तो झाडा लवकरच द्यावा लागला. क्रोनसनें आपली बहीण रिआ हिच्याशीं विवाह केला. आपल्यालाही आपलाच मुलगा पदच्युत करणार हें भविष्य त्याला आईबापांकडून कळलें होतें. म्हणून हेस्टिआ, डिमीटर, हेरा, हेडीस आणि पोसायडन हीं पांचही मुलें त्यानें जन्मतांच गिळून टाकलीं. युरेनसनें मुलांना आईच्या पोटांत कोंडलें. क्रोनसनें स्वतःच्या पोटांत कोंडलें. ज्या जुलमाविरुद्ध त्यानें शस्त्र धरलें तोच जुलूम त्यानें अधिक पक्क्या रीतीनें चालविला. सहाव्या वेळीं रिआनें मूल क्रीट बेटांत लपविलें आणि नवऱ्याच्या हातीं कापडांत गुंडाळलेला धोंडा दिला. तो त्यानें गिळला. वांचलेलें मूल म्हणजे झ्यूस. पुढें क्रोनसला गिळलेलें ओकावें लागलें तेव्हां प्रथम धोंडा बाहेर आला आणि मागाहून मुलें. तो धोंडा म्हणून एक दगड डेल्फीच्या क्षेत्रीं दाखवीत असत आणि त्यावर नित्य तेल ओतीत असत, अशी नोंद इ. स. च्या दुसऱ्या शतकांतील प्रवासी पॉसॅनिअस यानें केली आहे.

या घरांतील नातीं मराठी नातेवाचक शब्दांत बसवूं गेल्यास मोठी अडचण उभी राहते. क्रोनस आणि रिआ हीं सख्खीं भावंडें असल्यानें ओशेनस हा झ्यूसचा चुलताही होतो आणि मामाही. थेमिस ही आत्याही आणि मावशीही. खुद्द रिआ त्याची आई, पण बापाची बहीण म्हणून आत्याही तीच. मराठींत आईचें घर आणि बापाचें घर यांसाठीं वेगळे शब्द आहेत, कारण तीं दोन घरें असतात. टायटनांच्या कुळांत घर एकच आहे. म्हणूनच तेथील भांडणाला माहेर नाहीं; पळून जावयास दुसरें दारच नाहीं.

या एका घरांतून सारें विश्व निघालें. ओशेनस आणि टेथिस यांपासून सर्व नद्या आणि तीन हजार जलकन्या झाल्या. हायपेरिअन आणि थिआ यांपासून सूर्य, चंद्र व उषा हीं तीन अपत्यें झालीं. ग्रीकांची 'ईऑस' आणि वेदांतील 'उषस्' हीं नांवें भाषेच्या दृष्टीनें सख्ख्या बहिणी आहेत. सीअस आणि फीबी यांची कन्या लेटो, जी पुढें अपोलो व आर्टेमिस यांची माता झाली. आयापेटसनें ओशेनसच्या एका कन्येशीं लग्न केलें. त्याचे चार पुत्र म्हणजे ॲटलास, मेनोएटिअस, प्रॉमिथ्यूस आणि एपिमेथ्यूस. मनुष्यांसाठीं अग्नि चोरणारा आणि त्यापायीं कड्याला जखडला गेलेला प्रॉमिथ्यूस हा अशा रीतीनें झ्यूसचा चुलतभाऊ ठरतो.

झ्यूस मोठा झाल्यावर युद्ध पेटलें. टायटन ऑथ्रिस पर्वतावरून आणि नवे देव ऑलिंपस पर्वतावरून लढत. दहा वर्षें कोणाचाच जय होईना. तेव्हां आजी गाया हिनें उपाय सांगितला : पाताळांत अडकलेल्या आपल्या काकांना सोडव. झ्यूसनें सायक्लोप्सांना आणि शतभुज भावांना मुक्त केलें. सायक्लोप्सांनीं त्याला वज्र दिलें, शतभुजांनीं शिळांचा वर्षाव केला, आणि टायटन हरले. म्हणजे ज्या शस्त्रानें नव्या पिढीनें जुनीवर विजय मिळविला तें शस्त्रही जुन्याच पिढीनें दिलेलें होतें. पराभूतांना टार्टरसमध्यें टाकण्यांत आलें. आकाशांतून सोडलेली ऐरण नऊ दिवस पडत राहून दहाव्या दिवशीं पृथ्वीवर येईल, आणि पृथ्वीवरून सोडलेली तितकाच काळ पडत राहून टार्टरसला पोंचेल, इतका तो खोल, असें हेसिअड सांगतो.

पुष्कळांच्या मनांत कथा येथें संपते. खरी राज्यघटना येथूनच सुरू होते. सर्व टायटन पाताळांत गेले नाहींत. ओशेनस आपल्या जागीं पृथ्वीला वेढून वाहतच राहिला. सूर्य, चंद्र, उषा यांच्या फेऱ्या बंद झाल्या नाहींत. ओशेनसची कन्या स्टिक्स ही आपल्या मुलांसह सर्वांच्या आधीं झ्यूसच्या बाजूस आली, म्हणून देवांची शपथ तिच्या जलावर घेण्याचा मान तिला मिळाला. आणि झ्यूसच्या विवाहांकडे पाहिलें तर त्यांत निव्वळ विषयलोलुपता नसून एक व्यवस्था दिसते. त्याची पहिली पत्नी मेटिस, म्हणजे बुद्धि, ही ओशेनसची मुलगी. दुसरी पत्नी थेमिस, म्हणजे धर्मनियम. तिच्यापासून ऋतु आणि दैवरेषा ओढणाऱ्या तिघी बहिणी झाल्या. नेमोसिनी, म्हणजे स्मृति, हिच्यापासून काव्यकलांच्या नऊ देवता झाल्या. यांतील थेमिस आणि नेमोसिनी या स्वतः टायटन होत्या. नव्या राज्याचा न्याय, त्याची स्मरणशक्ति आणि त्याचें गाणें हीं सर्व जुन्या घरांतून आलेलीं आहेत.

तरीही पिढीपिढीचा शाप उरलाच होता. मेटिसला होणारा मुलगा बापाला पदच्युत करील असें गायेनें व युरेनसनें झ्यूसलाही बजावलें. त्यानें मुलाऐवजीं मेटिसलाच गिळलें, आणि तिची कन्या अथीना त्याच्या मस्तकांतून बाहेर आली. ही कृति साधुत्वाची नव्हती. पण तिच्यानंतर झ्यूस बुद्धीला अंतरांत बाळगून राज्य करूं लागला, आणि बापलेकांच्या झगड्याची सांखळी तुटली, असा हेसिअडचा आशय आहे. पिंडार या कवीच्या काव्यांत तर, इ. स. पूर्व पांचव्या शतकांत, झ्यूसनें टायटनांना बंधमुक्त केल्याचा उल्लेख येतो.

ही राजवटींची मालिका ग्रीकांनीं एकट्यांनीं रचलेली नाहीं. तुर्कस्तानांतील बोआझकोय येथें १९०६ पासून झालेल्या उत्खननांत हिट्टाइट लोकांच्या मृत्तिकापट्टिका सांपडल्या. त्यांत अलालु, अनु, कुमार्बी आणि वादळाचा देव अशी चार राजांची परंपरा आहे, आणि कुमार्बीनें आकाशदेव अनु याचें पौरुष दांतांनीं तोडल्याची कथा आहे. हेसिअडपूर्वीं पांचशें वर्षांहून अधिक काळ हें आख्यान लिहिलें गेलें होतें. युरेनस आणि आपला वरुण हीं एकच नांवें असें एके काळीं पंडित मानीत. आज भाषाशास्त्रज्ञ तें मान्य करीत नाहींत. परंतु झ्यूस आणि वेदांतील द्यौ हीं नांवें खरोखरच एका मुळाचीं आहेत. म्हणजे ज्या नातवानें आजोबाच्या आकाशावर शेवटीं राज्य केलें, त्याच्या नांवाचाच अर्थ आकाश.

भारतीय पुराणांतही देव आणि त्यांचे प्रतिस्पर्धी हे एकाच घरचे. कश्यप ऋषि हा दोघांचा पिता. अदितीचे पुत्र आदित्य, दितीचे दैत्य, दनूचे दानव. येथें एक भेद मोठा बोलका आहे. ग्रीक कथेंत एक बाप व एक आई असल्यानें मुलगा बापाच्या नांवानें ओळखला जातो. कश्यपाच्या घरीं बाप एक व माता अनेक असल्यानें पक्ष पडतात ते मातांच्या नांवांनीं. तेथें कलह उभा आहे, बाप आणि मुलगा यांच्यांतला. येथें तो आडवा आहे, सावत्र भावांतला. कश्यपाला कोणीही पदच्युत करीत नाहीं. तो दोन्हीं पक्षांना वंद्य राहतो. मात्र धाकट्याचा विजय दोन्हीं ठिकाणीं आहे. क्रोनस धाकटा, हेसिअडचा झ्यूस धाकटा, आणि बारा आदित्यांत सर्वांच्या मागून जन्मलेला विष्णु गुणांनीं सर्वश्रेष्ठ. वामन म्हणून तो ज्या बळीसमोर उभा राहिला तो बळी हिरण्यकशिपूचा पणतू. म्हणजे घेणारा हा देणाऱ्याच्या पणजोबाचा सावत्र भाऊ होता.

आणि येथेंच दोन्हीं परंपरांतील सर्वांत हृद्य साम्य आहे. क्रोनस हरला, पण ग्रीक शेतकऱ्याच्या मनांत त्याचा काळ सुवर्णयुगाचा काळ म्हणून राहिला. त्या काळीं माणसें कष्टावांचून जगत, भूमि आपण होऊन पीक देई. अथेन्समध्यें उन्हाळ्यांत 'क्रोनिआ' नांवाचा सण होई. त्या दिवशीं धनी आणि गुलाम एकत्र जेवत. रोमन लोकांचा डिसेंबरमधील 'सॅटर्नेलिया' हा सण त्याच भावनेचा. महाराष्ट्रांत बळी पाताळांत गेला. पण दिवाळींतील प्रतिपदा त्याच्या नांवाची झाली, आणि इडापिडा टळून बळीचें राज्य येवो हें मागणें घरोघरच्या बायका ओंवाळतांना मागत आल्या. महात्मा जोतीराव फुले यांनीं १८७३ सालच्या 'गुलामगिरी'त या बळीकडे येथील मूळच्या रयतेचा न्यायी राजा म्हणून पाहिलें. जेत्यांनीं इतिहास लिहिला, तरी पराभूताचा दिवस पंचांगांत शिल्लक राहतो. आणि तो बहुधा कष्टकऱ्यांनीं राखलेला असतो.

टायटनांची कथा आजच्या माणसाच्या उपयोगी पडते ती या ठिकाणीं. प्रत्येक पिढीला वाटतें कीं तिच्या अगोदरच्या पिढीनें तिला गिळून टाकलें आहे, आणि पुष्कळदां तें खरेंही असतें. युरेनसाविरुद्ध क्रोनसचें बंड अन्यायाचें नव्हतें. क्रोनसाविरुद्ध झ्यूसचेंही नव्हतें. प्रश्न बंड करावें कीं नाहीं हा नसून, बंडानंतर घर कसें चालवावें हा आहे. क्रोनसनें सत्ता मिळविली आणि बापाचा जुलूम तेवढा वारशानें घेतला. झ्यूसनें बापाचें सिंहासन घेतलें. पण आत्येचा धर्म, मावशीची स्मृति आणि काकांचें वज्रही घेतलें. पहिल्याचें राज्य बुडालें, दुसऱ्याचें टिकलें. इंग्रज कवि कीट्स यानें १८२० सालीं प्रसिद्ध झालेल्या आपल्या 'हायपेरिअन' या अपुऱ्या काव्यांत हाच विचार पराभूत ओशेनसच्या मुखीं घातला आहे : आपण जसे आपल्या आईबापांहून पुढें गेलों तसे हे नवे आपल्याहून पुढें जात आहेत, आणि ते आपल्यांतूनच निघाले आहेत.

केशवसुतांच्या पिढीनें इंग्रज कवींचें वाचन केलें आणि मराठी कवितेंत नवें युग आणलें. परंतु त्यांचें नवेंपण घर जाळून आलेलें नव्हतें. इंग्रजी सॉनेट त्यांनीं मराठींत आणलें, तें संस्कृत वृत्तांत बसवून. त्यांचे धाकटे बंधु मोरो केशव दामले यांनीं १९११ सालीं 'शास्त्रीय मराठी व्याकरण' हा ग्रंथ प्रसिद्ध केला आणि भाषेच्या जुन्या नियमांची बारकाईनें छाननी करून ते नव्या शास्त्रीय पायावर मांडले. एका भावानें चाकोरी मोडली, दुसऱ्यानें नियम जुळविले. दोघेही केशवाचेच पुत्र. एका शिक्षकाच्या घरांत बंड आणि व्यवस्था अशीं शेजारीं शेजारीं वाढलीं.

१९०५ सालीं हुबळी येथें प्लेगनें केशवसुतांचा अंत झाला तेव्हां त्यांचें वय चाळिशीच्याही आंत होतें. त्यांच्या सुमारास व त्यांच्या मागून आलेल्या कवींनीं स्वतःस नांवें घेतलीं तीं अशींच, नात्याचीं. काशिनाथ हरि मोडक झाले माधवानुज, म्हणजे माधवाचा धाकटा भाऊ. राम गणेश गडकरी झाले गोविंदाग्रज, म्हणजे गोविंदाचा थोरला भाऊ. विष्णु वामन शिरवाडकर झाले कुसुमाग्रज, म्हणजे कुसुमचा थोरला भाऊ. मालगुंडच्या एका मुलानें बापाच्या नांवानें आरंभ केला, आणि पुढें मराठी कवितेचें एक कुटुंबच उभें राहिलें. १९९४ सालीं मालगुंड येथें केशवसुतांच्या स्मारकाचें उद्घाटन झालें, तें कुसुमाग्रजांच्या हस्तें. आपल्या बहिणीचें नांव मिरविणारा वृद्ध कवि आपल्या बापाचें नांव मिरविणाऱ्या कवीच्या जन्मगांवीं गेला, आणि त्याच्या स्मृतीचें दार त्यानें उघडलें. नेमोसिनीच्या घरची ही रीत आहे.